अस्थिर मितींतून वाट काढणारं यंत्र: विज्ञानकथेसाठी ते पायरीपायरीने कसं रचावं

'पलीकडे' जाणारी कथा लिहायला घेतली, मग ती समांतर विश्वाची असो की चौथ्या मितीची, की एक यंत्र लागतंच. बहुतेक कथांमध्ये ते कोपऱ्यात उभं असलेलं एक कपाट असतं: निळा उजेड, घरघर आणि एक लाल बटण. पात्रं आत शिरतात आणि पुढच्या परिच्छेदात दुसऱ्या जगात उतरतात. अशा यंत्राला वाचक हरकत घेत नाही, पण त्याच्यावर विश्वासही ठेवत नाही. मग शेवटच्या पानावर ते बिघडलं काय किंवा चाललं काय, त्याचा जीव टांगणीला लागत नाही.

या लेखात असं एक यंत्र आपण पहिल्या नोंदीपासून कथेतल्या संवादापर्यंत बांधत जाणार आहोत. बारावीपर्यंतचं विज्ञान पुरेसं आहे, गणित लागणार नाही. उदाहरणातल्या यंत्राला मी 'ओळंबा' म्हणतो, तुम्ही तुमचं नाव द्या. माझं सांगणं एकच आहे: यंत्राला काय जमत नाही ते आधी लिहा, आणि ते खऱ्या भौतिकशास्त्रातून उचला. कथेतली निम्मी संकटं तिथूनच मिळतात.

पायरी १: 'अस्थिर' म्हणजे काय, ते नेमकं ठरवा

या एका शब्दात दोन वेगळ्या गोष्टी मिसळलेल्या असतात. त्या सुट्या केल्याशिवाय पुढे जाऊ नका.

पहिली गोष्ट अशी की जादा मितीत वस्तू टिकत नाहीत. १९१७ साली पॉल एहरनफेस्ट यांनी विचारलं, अवकाशाला तीनच मिती आहेत हे निसर्गात कुठे दिसतं? आपल्या तीन मितींत गुरुत्वाकर्षण अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात घटतं. अवकाशाला चार मिती असत्या, तर ते घनाच्या व्यस्त प्रमाणात घटलं असतं. एवढ्या फरकाने ग्रहांच्या कक्षा मोडतात. पृथ्वीला जरासा धक्का बसला की ती एकतर सूर्यात कोसळेल किंवा कायमची दूर निघून जाईल, परतून कक्षेत बसणार नाही. अणूंचीही तीच गत होते. चार मितींच्या जगात सूर्यमाला नाही आणि हाडामांसाचं शरीरही नाही.

दुसरी गोष्ट म्हणजे मितीचा आकारच टिकत नाही. थिओडोर कालुझा यांनी १९२१ मध्ये गुरुत्वाकर्षण आणि विद्युतचुंबकत्व एकत्र आणण्यासाठी आणखी एक मिती मांडली. ती दिसत का नाही, याचं उत्तर १९२६ मध्ये ऑस्कर क्लाइन यांनी दिलं: ती गुंडाळलेली आहे, अणूपेक्षाही कितीतरी बारीक वर्तुळात. पण ते वर्तुळ तेवढंच राहावं असं त्या सिद्धांतात काहीच नव्हतं. ते फुगू शकतं किंवा आक्रसू शकतं. १९८२ मध्ये एडवर्ड विटन यांनी दाखवलं की अशा अवकाशात आपोआप एक भोक पडू शकतं आणि ते जवळजवळ प्रकाशाच्या वेगाने पसरत जातं. त्या भोकाच्या आत अवकाशच नसतं.

विटन यांच्या भोकाचा मोह कथेत टाळा, असं मी म्हणेन. ते येताना कुणालाच दिसणार नाही, म्हणजे पात्रांना घाबरायला वेळ नाही आणि वाचकालाही नाही. आपल्याला हळू येणारं संकट हवं आहे.

पायरी २: यंत्राचं एकच काम ठरवा

आता वरच्या दोन गोष्टी जोडा. माणूस चार मितींच्या मोकळ्या अवकाशात जगू शकत नाही. त्वचा आपल्याला तीन दिशांनीच बंद करते, चौथ्या दिशेने पोट, हृदय, मेंदू सगळं उघडं पडतं. तिथे बंद तिजोरीसुद्धा उघडीच असते. म्हणून प्रवास करायचा तर आपल्याभोवती तीन मितींचा तुकडा सोबत न्यावा लागेल. त्या तुकड्यात चौथी मिती दाबून अतिसूक्ष्म ठेवलेली असेल आणि बाहेर ती मोकळी असेल.

ओळंब्याचं काम एवढंच. तो आपल्याभोवती तीन मिती धरून ठेवतो. या धरलेल्या जागेला मी 'घेर' म्हणतो. घेराची त्रिज्या समजा तीन मीटर. त्यात किती माणसं मावतील, झोपायचं कुठे, कुणाला मागे ठेवायचं, हे प्रश्न आकड्यातून आपोआप उभे राहतात. यंत्राला आणखी कामं देऊ नका. जे यंत्र मिती धरतं, जखमा भरतं आणि शत्रूवर किरणही सोडतं, ते लेखकाची सोय म्हणून ओळखू येतं.

पायरी ३: एकच थाप मारा आणि ती लवकर मारा

खऱ्या विज्ञानावर सगळं बेतायचं म्हटलं तर पात्रं घेराबाहेर हातही काढू शकणार नाहीत. म्हणून एक काल्पनिक नियम घ्यावा लागतो. तो एकच असावा, पहिल्या दोन-तीन पानांत सांगावा आणि नंतर स्वतःवर पूर्ण बंधनकारक मानावा.

याचं एक चांगलं उदाहरण विज्ञानातच आहे. १९८५ मध्ये खगोलशास्त्रज्ञ कार्ल सेगन यांना आपल्या कादंबरीतल्या नायिकेला दूरच्या ताऱ्यापर्यंत नेण्यासाठी पटेल अशी वाट हवी होती. त्यांनी भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न यांना विचारलं. थॉर्न यांनी अवकाशातल्या बोगद्याचा हिशेब मांडला. तो उघडा ठेवायला ऋण ऊर्जेचा विचित्र पदार्थ लागतो, असं त्यांना दिसलं. ही एक गोष्ट मान्य केली की बाकी सगळं सापेक्षतेच्या नियमांत बसतं. पुढे १९८८ मध्ये त्यांनी मायकेल मॉरिस यांच्यासोबत त्यावर शोधनिबंधच लिहिला.

ओळंब्याची थाप अशी: घेराबाहेर गेलेला पदार्थ आपलं 'तीनपण' काही मिनिटं सोबत बाळगतो, मग त्याचे अणू ढासळतात. त्याला एक पोटनियम जोडा, की घेर सैल पडू लागला तर गुरुत्वाकर्षण आधी गळतं आणि विद्युतबल नंतर. हा पोटनियम अगदी हवेतला नाही. १९९८ मध्ये निमा अर्कानी-हमीद, सावास दिमोपोलस आणि गिया द्वाली यांनी असाच प्रस्ताव मांडला होता. पदार्थ आणि प्रकाश तीन मितींत अडकलेले, गुरुत्वाकर्षण मात्र जादा मितींतही पसरतं. ते आपल्याला इतकं दुबळं का भासतं, याचं उत्तर त्यांना त्यातून द्यायचं होतं.

या पोटनियमाचा फायदा पुढच्या पायरीत दिसेल. अणू ढासळण्याआधी इशारा मिळतो.

पायरी ४: मापक बसवा, पण तो संथ असू द्या

मिती किती आहेत हे मोजायचं कसं? गुरुत्वाकर्षण कोणत्या घाताने घटतं ते पाहा. घात दोन असेल तर अवकाशाच्या मिती तीन, घात तीन असेल तर चार. चौथी मिती बारीक असेल तर लांबच्या अंतरावर घात दोनच दिसतो आणि तिच्या आकारापेक्षा जवळ गेलं की तो तीनकडे सरकतो. म्हणजे दोन वस्तू अगदी जवळ ठेवून त्यांच्यातलं आकर्षण मोजलं, तर चौथी मिती किती फुगली आहे ते कळेल.

हे खरोखर केलं जातं. बारीक तारेला दांडी टांगायची आणि तारेला पडणाऱ्या पिळावरून बल मोजायचं, ही हेन्री कॅव्हेंडिश यांची १७९८ मधली रीत. सिएटलच्या वॉशिंग्टन विद्यापीठातल्या गटाने याच तत्त्वावर, केसाहून बारीक टंगस्टनच्या तारा वापरून, गुरुत्वाचा वर्गाचा नियम ५२ मायक्रोमीटर अंतरापर्यंत तपासला. तो निकाल २०२० मध्ये प्रसिद्ध झाला. नियम तिथपर्यंत शाबूत आहे.

तेव्हा ओळंब्याच्या पोटात असा एक तराजू आणि बाहेर एक तबकडी ठेवा. काटा २.०० वर म्हणजे ठीक. २.०५ म्हणजे चौथी मिती फुगू लागली. २.५ ला पोचू देऊ नका.

आता या उपकरणाचा दोष पाहा, कारण कथेला तो गुणापेक्षा जास्त उपयोगी आहे. असा तराजू फार हळू झुलतो. एका झोक्यालाच काही मिनिटं लागतात. पावलांनी, लांबून जाणाऱ्या ट्रकने, खोलीच्या तापमानानेही तो बिथरतो. म्हणून काटा दाखवतो ती काही मिनिटांपूर्वीची स्थिती असते. चालक कायम शिळ्या माहितीवर निर्णय घेत असतो. सगळ्यांनी एका जागी बसून राहायचं, पाय आपटायचे नाहीत, हळू बोलायचं, ही शिस्तही इथूनच येते. ती कुणी मोडली की काटा खोटं सांगतो.

यंत्राची प्रयोगशाळा कुठे असावी, याचं उत्तरही याच दोषात आहे. गुरुत्वीय लहरींचा वेध घेणाऱ्या लायगो-इंडियासाठी हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळची जागा निवडली गेली, आणि जागा निवडताना जमिनीची थरथर कमी असणं हा एक मोठा निकष होता. केंद्रीय मंत्रिमंडळाने प्रकल्पाला २०२३ मध्ये मंजुरी दिली. मराठवाड्यातल्या शांत माळावरची तुमची काल्पनिक प्रयोगशाळा वाचकाला पटेल, मुंबईतल्या लोकलच्या रुळांशेजारची पटणार नाही.

काटा संथ, म्हणून जोडीला एक तात्काळ खूण हवी. इथे गाठीचा उपयोग करा. दोरीला मारलेली गाठ तीन मितींतच टिकते. चौथी दिशा मोकळी मिळाली की दोरीचा एक पदर दुसऱ्याला न छेदता त्या दिशेने बाजूला सरतो आणि गाठ सुटते. हे गणिताने सिद्ध झालेलं आहे. घेराच्या आतून बाहेर जाणारी एक दांडी बसवा, तिच्यावर दोर ताणा आणि ठरावीक अंतरावर गाठी मारा. जिथवर गाठी शाबूत, तिथवर घेर. दोराचा बाहेरचा भाग काही मिनिटांत झिजतो, म्हणून नवा दोर सरकवत राहायचा. विज्ञानकथेतल्या महागड्या यंत्राला सुताच्या दोरीचा आधार असणं मला फार आवडतं. वाचकालाही ते लगेच समजतं.

पायरी ५: दिशा आणि परतीची वाट

इथे बहुतेक लेखक नकाशा दाखवून मोकळे होतात. पण चार मितींत वाट चुकणं किती सोपं आहे याचा नेमका हिशेब आहे. १९२१ मध्ये जॉर्ज पोल्या यांनी विचारलं, चौकटींच्या जाळ्यावर कुणी वाट्टेल तसं भटकत राहिलं तर ते निघाल्या जागी परतेल का? दोन मितींत उत्तर आहे, नक्की परतेल, आज ना उद्या. तीन मितींत परतण्याची शक्यता सुमारे ३४ टक्के. चार मितींत सुमारे १९ टक्के. गल्लीत हरवलेला माणूस फिरत फिरत घरी येतो, चौथ्या मितीत तसं होण्याच्या भरवशावर राहता येत नाही. तुमच्या कथेतल्या अनुभवी माणसाने नवख्याला सांगायचं एकच वाक्य असेल, तर ते हेच असू द्या.

जागा समजण्यासाठी खुणेचे दिवे लागतात. जीपीएसला किमान चार उपग्रह लागतात: तीन जागेच्या मितींसाठी, एक घड्याळाची चूक काढण्यासाठी. चार मितींत पाच लागतील. प्रत्येक दिव्याला स्वतःचा लहान घेर हवा, नाहीतर काही मिनिटांत तोच ढासळेल. पाचपैकी एक विझला, की तुम्ही कुठे आहात हे कळणं थांबतं. तोंड कुठे आहे हे समजायलाही जास्त आकडे लागतात. तीन मितींत फिरण्याच्या तीन स्वतंत्र रीती आहेत, चार मितींत सहा. म्हणून ओळंब्यात तीनऐवजी सहा जायरोस्कोप, म्हणजे आपण किती वळलो ते सांगणारी फिरती चाकं.

दिव्यांबद्दल आणखी एक बारकावा, आणि तो दृश्य रंगवायला सुंदर आहे. तीन मितींत प्रकाशाची लुकलुक येते आणि संपते. मितींची संख्या सम असलेल्या अवकाशात लहर निघून गेल्यावरही मागे शेपूट उरतं. चौथ्या मितीतला दिवा लुकलुकताना पूर्ण विझत नाही, हळूहळू मंदावत राहतो. दोन लुकलुकींत बराच वेळ सोडला नाही तर त्या एकमेकींत मिसळतात. म्हणून आपण कुठे आहोत हेही वरचेवर विचारता येत नाही.

पायरी ६: तोल कसा धरायचा

हा यंत्राचा गाभा आहे आणि कथेचा स्वभावही इथेच ठरतो, म्हणून जास्त वेळ द्या. पडू पाहणारी गोष्ट उभी ठेवायच्या तीन रीती भौतिकशास्त्राला माहीत आहेत. तिन्ही खऱ्या आहेत, आणि तिघींचा बिघाड वेगळा आहे.

पहिली रीत म्हणजे खळगा तयार करणं. १९९९ मध्ये वॉल्टर गोल्डबर्गर आणि मार्क वाइझ यांनी दाखवलं की जादा मितीच्या दोन टोकांना एका क्षेत्राची वेगवेगळी मूल्यं बांधून ठेवली, तर ती मिती फार आक्रसली तरी ऊर्जा वाढते आणि फार पसरली तरी वाढते. मधल्या एका आकारावर ती बसते. २००३ मध्ये शमित कचरू, रेनाटा कलोश, आंद्रेई लिंडे आणि मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतले संदीप त्रिवेदी यांनी स्ट्रिंग सिद्धांतातल्या (सगळे मूलकण म्हणजे अतिसूक्ष्म तंतूंची कंपनं असं मानणाऱ्या सिद्धांतातल्या) गुंडाळलेल्या मिती कशा बांधून ठेवता येतील याची रचना मांडली. तिच्यावर अजूनही वाद चालू आहे. त्या रचनेतला एक मुद्दा कथाकाराने जपून ठेवावा: मिळतं ते स्थैर्य कायमचं नसतं. खळगा डोंगराच्या उतारावर आहे, काठ ओलांडला की खाली दरीच आहे. या रीतीचं यंत्र शांत असतं, त्याला चालक लागत नाही, आणि ते मोडतं तेव्हा पूर्वसूचना देत नाही. दैवाची, वाट पाहण्याची कथा असेल तर हे घ्या.

दुसरी रीत, सतत दुरुस्ती. मोजा, चूक काढा, उलट ढकला. वाफेच्या इंजिनाचा वेग सांभाळणाऱ्या गव्हर्नरवर जेम्स क्लार्क मॅक्सवेल यांनी १८६८ मध्ये शोधनिबंध लिहिला, तेव्हापासून या विषयाला गणित आहे. हिचा शत्रू म्हणजे उशीर. मोजणं आणि ढकलणं यांच्यात वेळ गेला तर दुरुस्ती चुकीच्या वेळी लागू होते आणि झोके कमी होण्याऐवजी वाढतात. एक प्रयोग करून पाहा: तळहातावर लांब काठी उभी धरा, मग पेन्सिल धरा. काठी साधते, पेन्सिल साधत नाही, कारण लहान वस्तू आपला हात हलण्याआधी पडते. तीन मीटरच्या घेरात प्रकाशाला मध्यापासून कडेपर्यंत जायला दहा नॅनोसेकंद लागतात. म्हणजे चालक तरफा ओढून घेर वाचवतो आहे, हे दृश्य खोटं आहे, कितीही थरारक असलं तरी. जलद काम यंत्रानेच करायचं.

तिसरी रीत सगळ्यात विलक्षण आहे. उलटा लंबक, म्हणजे वजन वर आणि टेकू खाली, जात्याच पडतो. पण टेकूला वर-खाली पुरेशा वेगाने थरथरवलं तर तो उभा राहतो. हलका धक्का दिला तरी सावरतो. १९५१ मध्ये पिओतर कपित्सा यांनी त्याचं कारण स्पष्ट केलं. स्थिर विद्युतक्षेत्रात विद्युतभारित कण लटकवता येत नाही, हे सॅम्युएल अर्नशॉ यांनी १८४२ मध्येच सिद्ध केलं होतं. व्होल्फगांग पाउल यांनी ते क्षेत्र झपाट्याने उलटसुलट करून आयन पकडून दाखवले आणि १९८९ च्या नोबेल पारितोषिकात त्यांना वाटा मिळाला. इथे काही मोजावं लागत नाही, फक्त थरथर थांबता कामा नये. वेग एका मर्यादेखाली गेला की वस्तू लगेच पडते, त्याआधी फारसं काही बिघडल्यासारखं दिसत नाही.

ओळंब्यासाठी मी तिसरी रीत घेतो. आवाज मिळतो: सतत, बारीक गुंजारव, जो पात्रांना काही तासांनी ऐकूच येईनासा होतो. आणि एक उपयोगी नियम मिळतो. लंबक जितका लांब, तितकी जोराची थरथर लागते. त्याच न्यायाने घेर जितका मोठा, तितका खर्च जास्त. चालकाच्या हातात मग दोनच गोष्टी उरतात, थरथरीचा जोर आणि घेराची त्रिज्या. त्या सावकाश बदलायच्या असतात आणि प्रत्येक बदल म्हणजे एक निर्णय असतो. घेर अर्धा मीटर आत घेतला तर खर्च वाचेल, पण कडेला बांधलेलं सामान बाहेर जाईल. नाट्य तिथे आहे.

पायरी ७: खर्च डोळ्यांना दिसेल असा ठेवा

'फक्त दहा मिनिटं उरली' असं पडद्यावर झळकवू नका. खर्चाला पदार्थ द्या. ओळंब्याची थरथर अतिवाहक तारांच्या वेटोळ्यांतून येते असं धरा. अतिवाहक एकदिश प्रवाह विनाअडथळा नेतो, पण प्रवाह उलटसुलट केला की त्यात थोडी उष्णता निर्माण होतेच. ती वाहून न्यायला द्रवरूप हेलियम लागतं, उणे २६९ अंश सेल्सिअसचं. ते उकळून उडत राहतं. टाकीची पातळी हेच कथेचं घड्याळ. जोर वाढवला की पातळी लवकर उतरते, घेर लहान केला की सावकाश.

एखादं वेटोळं तापून अतिवाहकता गमावून बसलं, तर साठलेली ऊर्जा एकदम उष्णतेत जाते आणि हेलियम भसकन वायू होतं. आकारमान सातशेपट वाढतं. बंद जागेत ते प्राणवायूला बाहेर ढकलतं. एमआरआयच्या खोलीतही हा धोका असतो, म्हणून तिथे वायू बाहेर काढायची नळी बसवलेली असते. ओळंब्याला 'बाहेर' कुठलं?

पायरी ८: बिघाडांची वही

लिहिण्याआधी एका पानावर तीन बिघाड नोंदवा: एक त्रासदायक, एक गंभीर, एक न भरून येणारा. पहिले दोन आपल्याकडे आहेत: खोटं बोलणारा काटा आणि विझलेला दिवा. तिसऱ्यासाठी मी उलटापालट सुचवतो.

आउगुस्ट मोबियस यांनी १८२७ मध्येच दाखवलं होतं की चौथ्या दिशेतून फिरवलं तर एखादी वस्तू आपल्या आरशातल्या प्रतिमेसारखी होऊ शकते. डाव्या हाताचा मोजा उजव्या हाताचा होतो. घेराबाहेर गेलेला माणूस, काही मिनिटांच्या आत ओढून घेतला तरी, असा उलटून आत येऊ शकतो. हृदय उजवीकडे, हे तर झालंच. पण खरी आपत्ती हळू उलगडते. आपल्या शरीरातली अमिनो आम्लं एकाच 'हाताची' असतात आणि पचवणारी विकरंही त्यांनाच ओळखतात. उलटलेल्या माणसाला आपलं अन्न अंगी लागणार नाही. ग्लुकोजचं आरशातलं रूप गोड लागतं पण शरीराला ऊर्जा देत नाही, आणि त्याच्यासाठी आपलं साधं ग्लुकोजच तसं झालेलं असेल. तो जेवेल, पोट भरेल आणि उपासमारीने खंगेल.

याची पहिली खूण वासाची ठेवा. कार्व्होन नावाचं एक द्रव्य आहे. त्याचं एक रूप स्पिअरमिंट पुदिन्यात असतं, आरशातलं दुसरं रूप शहाजिऱ्यात आणि शेपूच्या बियांत. नाकाला दोन्ही वेगळी कळतात. परतलेल्या माणसाला पुदिन्याची चटणी पुढे केली आणि तो म्हणाला, "यात शेपू का घातलास?" तर टेबलावरच्या कुणाला तरी त्या क्षणी सगळं कळलं पाहिजे.

पायरी ९: चालवण्याचा क्रम

पात्रं हा क्रम पाठ म्हणू शकतील इतका तो आखीव हवा. कथेत तो एकदा पूर्ण दाखवा, सगळं सुरळीत असताना. पुढे एखादी पायरी गाळली गेली की वाचकाला ती न सांगता जाणवते. ओळंब्याचा क्रम असा:

१. हेलियम भरा, पातळी मोठ्याने वाचा, दुसऱ्याने वहीत लिहायची.
२. तराजू मोकळा सोडा. काटा २.०० वर निजेपर्यंत कुणी हलायचं नाही.
३. पाचही दिवे पेटवा, प्रत्येकाची लुकलुक ओळखून घ्या.
४. थरथर सुरू करा. जोर आधी वाढवा, घेर नंतर रुंद करा. हा क्रम कधीही उलटा नको.
५. गाठी मोजा.
६. निघा. प्रत्येक वळणाआधी थांबून पुन्हा गाठी, मग काटा, मग दिवे.
७. अर्धं हेलियम संपण्याआधीच परत फिरा, कारण परतताना वाट शोधण्यात जास्त वेळ जातो.
८. बंद करताना घेर आधी आत घ्या, जोर शेवटी उतरवा.

चौथी आणि आठवी पायरी एकमेकींच्या उलट आहेत, हे लक्षात घ्या. घाईत माणूस नेमका तिथे चुकतो.

पायरी १०: पानावर उतरवा

आतापर्यंत केलेल्या नोंदींपैकी फार थोड्या कथेत येतील. बाकीच्या तुमच्या वहीत राहून वाक्यांना आधार देतील. फरक दाखवतो. आधी ढोबळ रूप:

'मितिस्थापकाने क्वांटम क्षेत्र निर्माण केले आणि चौथ्या मितीतील अस्थिरता नियंत्रणात आली. सर्वांनी सुटकेचा निःश्वास सोडला.'

इथे काय घडलं ते दिसत नाही, कुणी काय केलं तेही नाही. आता ओळंब्यासह:

"काका, काटा दोन पॉइंट शून्य चार."

"तो मघाचा. गाठी मोज."

तिने दांडीकडे पाहिलं. "चार होत्या. तीन राहिल्यात."

काकांनी टाकीच्या काचेवर बोट ठेवलं. पातळी अर्ध्याच्या जरा वर होती. "जोर वाढवला तर परतायला उरणार नाही. घेर आत घेतो. तुझ्या पायाशी काय आहे?"

"तीन नंबरच्या दिव्याची सुटी बॅटरी. आणि डबा."

"बॅटरी उचल."

"आणि डबा?"

"बॅटरी उचल म्हटलं ना."

या उताऱ्यात 'मिती' हा शब्द एकदाही आलेला नाही, तरी घेर आक्रसतो आहे, माहिती शिळी आहे आणि खर्च हाताबाहेर जातो आहे हे वाचकाला कळतं. यंत्रावर रोज काम करणारी माणसं त्याच्या भागांना छोटी नावं देतात: काटा, गाठ, घेर, जोर. ती चार-पाच नावं शेवटपर्यंत तीच ठेवा. एका पानावर 'घेर', दुसऱ्यावर 'संरक्षक कवच', तिसऱ्यावर 'स्थिरीकरण क्षेत्र' असं झालं तर वाचकाला तीन वेगळी यंत्रं दिसू लागतात.

समजावून सांगण्याचं काम प्राध्यापकाच्या भाषणावर टाकू नका. ते नवख्या मदतनिसाच्या चुकांतून होऊ द्या. त्याने पाय आपटला, काटा हलला, काका ओरडले: तराजूचं सगळं तत्त्व तिथे आलं.

पायरी ११: हिशेब तपासा

पहिला खर्डा झाला की समासात पेन्सिलने प्रत्येक प्रसंगाशेजारी हेलियमची पातळी, घेराची त्रिज्या आणि चालू दिव्यांची संख्या लिहा. पातळी कुठे आपोआप वाढलेली दिसेल, विझलेला दिवा पुढच्या प्रकरणात पेटलेला सापडेल, तीन मीटरच्या घेरात सात माणसं आणि एक जीप निघेल. प्रसंग कितीही आवडता असला तरी प्रसंगच बदला, आकडे नाही.

मग खर्डा दोन जणांना द्या. एक विज्ञान शिकलेला. त्याला एवढंच विचारा की थाप एकच आहे का, दुसरी कुठे नकळत शिरली आहे का. दुसरा असा, ज्याने आयुष्यभर खरी यंत्रं हाताळली आहेत: फिटर, बोटीवरचा इंजिनवाला, पाणीपुरवठ्याचा पंप चालवणारा. त्याला विचारा, हे यंत्र चालवायला तू कुणाला शिकवशील आणि पहिल्या दिवशी काय बजावशील. तो जे सांगेल त्यातलं एखादं वाक्य काकांच्या तोंडी जसंच्या तसं घाला.

दिवाळी अंकासाठी लिहीत असाल तर ही तपासणी पावसाळा लागण्याआधी उरका, कारण अंकांची जुळवाजुळव पावसाळ्यातच सुरू होते.